वेताळ पेठेंतून अप्पा बळवंत चौकाकडे

पुणें शहराचें वर्णन करणारे बहुतेक लेखक पर्वती, सारसबाग व संग्राहालयें येथें वाचकांस फिरवून आणितात. आम्ही आज ज्या वाटेनें नेणार आहों, तिच्यावर प्रेक्षणीय असें फारसें नाहीं. गेल्या भाद्रपदांत नातवाचा हात धरून, खरें म्हणजे त्यानें आमचा हात धरून, आम्हीं ती वाट तुडविली. प्रयोजन एवढेंच, कीं पस्तीस वर्षें आमच्याकडे राहिलेलें एक पुस्तक परत करावयाचें होतें.

हकीकत अशी. आम्ही तेव्हां शाळेंत संस्कृत शिकवीत असूं. वेतालपंचविंशतींतील उतारा फळ्यावर होता. राजा प्रेत खांद्यावर घेऊन स्मशानांतून चालला आहे, येथवर आलों असतां मागच्या बाकावरील एक विद्यार्थी बाकाखालीं दुसरेंच पुस्तक वाचतांना आढळला. तें नारायण धारप यांच्या समर्थकथांचें पुस्तक होतें. दरडावून विचारतां तो म्हणाला, "गुरुजी, हेंहि त्यांतलेंच आहे." वर्ग हंसला. आम्हांस तो उद्धटपणा वाटला, व पुस्तक जप्त झालें. तें आमच्या ट्रंकेच्या तळाशीं राहिलें, तें यंदा गणपतीपूर्वींच्या साफसफाईंत नातवाच्या हातीं लागलें. आंत एका खाजगी वाचनालयाचा शिक्का होता. "आजोबा, हें तर लायब्ररीचें आहे!" असें तो सर्वांदेखत म्हणाला. सूनबाईंनीं मान खालीं घालून हंसूं लपविलें. दुसऱ्याच दिवशीं आम्ही निघालों.

वाचनालयाचा पत्ता गुरुवार पेठेंतला. ह्या पेठेचें मूळ नांव वेताळ पेठ. तेथील वेताळाच्या देवळावरून तें पडलें होतें. पुणेकरांनीं पेठेचें नांव बदललें, पण वेताळास कोणीं घालविलें नाहीं. पश्चिमेकडील टेकडी आजहि त्याच्याच नांवानें ओळखली जाते. आम्ही बोळ शोधून काढला. वाचनालयाच्या जागीं मोबाइल दुरुस्तीचें दुकान होतें. दुकानदार तरुण होता. येथें कधीं काळीं पुस्तकें होतीं, हेंच त्याला नवल वाटलें. अशीं वाचनालयें पूर्वीं पुण्याच्या पेठापेठांत असत. थोडी अनामत, महिन्याची वर्गणी, आणि खाकी कव्हर घातलेलीं, पानें सुटलेलीं पुस्तकें. धारप खेड्यापाड्यांपर्यंत पोंचले ते ह्याच फळ्यांवरून. पुस्तक हरवल्यास अनामत जप्त होई. त्या मुलाचीहि झाली असावी, हा विचार आम्हांस त्या बोळांत उभें असतांना प्रथमच सुचला.

नातवास शनिवारवाडा पाहावयाचा होता, म्हणून पुढें गेलों. १७७३ सालच्या ३० ऑगस्ट रोजीं येथें नारायणराव पेशव्यांचा वध झाला. १८२८ सालीं आगींत आंतील इमारती भस्मसात् झाल्या. रात्रीं येथें अल्पवयी पेशव्याची हांक ऐकूं येते, ही आख्यायिका त्यानें आम्हांसच सांगितली. मग तटाच्या सांवलींत बसून आम्हीं त्याला दुसऱ्या नारायणाची माहिती दिली.

नारायण गोपाळ धारप यांचा जन्म १९२५ सालचा. शिक्षण रसायनतंत्राचें. पुस्तकें शंभरांहून अधिक. १८ ऑगस्ट २००८ रोजीं ते पुण्यांत निवर्तले. 'गोग्रामचा चितार' यासारखी विज्ञानकादंबरीहि त्यांनीं लिहिली. स्टीफन किंग या अमेरिकन लेखकाच्या 'सालेम्स लॉट'वरून 'लुचाई' रचतांना परदेशी पिशाच मराठी मातींत आणून सोडलें. त्यांचें भय किल्ल्यांत राहत नाहीं. तें तुमच्याआमच्यासारख्या बिऱ्हाडांत, माजघराच्या कोपऱ्यांत वाट पाहत असतें. आणि तें निवारावयास येतात ते समर्थ, ज्यांच्या कथा अप्पा जोशी हे गृहस्थ सांगतात. २०१८ सालच्या 'तुंबाड' चित्रपटाचें बीजहि धारपांच्याच कथेंत आहे, हें ऐकून नातू सरसावून बसला.

त्यानें विचारलें, "मग तुम्ही पुस्तक काढून कां घेतलें?"

आम्हांस गुणाढ्य आठवला. कथासरित्सागरांत सोमदेव सांगतो, कीं प्रतिष्ठानच्या, म्हणजे आपल्या पैठणच्या, सातवाहनाच्या पदरीं राहिलेल्या ह्या पंडितानें पैशाची भाषेंत सात लक्ष श्लोकांची बृहत्कथा स्वतःच्या रक्तानें लिहिली. भाषा पिशाचांची आणि शाई रक्ताची, म्हणून राजानें ती धिक्कारिली. गुणाढ्य अरण्यांत एकेक पान पशुपक्ष्यांस वाचून दाखवी व अग्नींत टाकी. राजास पश्चात्ताप झाला, तोंवर एकच लक्ष श्लोक उरले होते. ही कथा आम्हीं वर्गांत अनेकदां रंगवून सांगितली. भरतानें भयानकास आठ रसांत बसविलें, भवभूतीनें मालतीमाधवांत स्मशान रंगभूमीवर आणिलें, हेंहि शिकविलें. आणि सातवाहनाचें सोंग मात्र स्वतः वठविलें.

"आणि तुम्ही हें वाचलें नाहींत?"

शिक्षकानें खोटें बोलूं नये. जप्तीच्या रात्रींच एका बैठकींत आम्हीं तें वाचून संपविलें होतें. दोनदां उठून कडी पाहिली होती. दुसऱ्या दिवशीं परत देणें अवघड नव्हतें. परंतु देतांना मुलाच्या डोळ्यांस डोळा भिडवावा लागला असता, आणि त्याचें म्हणणें खरें होतें, हें कबूल करावें लागलें असतें. तेवढें धैर्य झालें नाहीं. पुढें त्या मुलानें वर्गांत पुन्हां कधीं प्रश्न विचारला नाहीं. भुताहून ही आठवण अधिक भिववते.

नातू कांहीं बोलला नाहीं. परततांना अप्पा बळवंत चौकांत, क्रमिक पुस्तकांच्या ढिगांमधून, त्याच्यासाठीं धारपांचें एक नवें पुस्तक घेतलें. जुनें आतां ट्रंकेंत नाहीं. कथासरित्सागराच्या शेजारीं उभें आहे.

तो विद्यार्थी पन्नाशीस टेकला असेल. ह्या ओळी त्याच्या घरीं कोणीं वाचल्या, तर त्यास सांगावें, कीं पुस्तक सुखरूप आहे, अनामतीची रक्कम गुरुजींकडे आहे, आणि तो त्या दिवशीं म्हणाला तें बरोबर होतें.