नेवाळीची धावपट्टी

कल्याण स्टेशनच्या पूर्वेला बाहेर पडा आणि मलंग रोड कुठे, असं कुणालाही विचारा. लगेच सांगतील. समोर मलंगगडाचा सुळका धरून हा रस्ता द्वारली, भाल अशा गावांच्या बाजूने नेवाळी नाक्यावर येतो. इथे बदलापूरहून काटईकडे जाणारा रस्ता त्याला छेदतो. नाक्यावर रिक्षांची गर्दी, ट्रकचे हॉर्न, चहाच्या टपऱ्या. कुठल्याही नाक्यासारखा नाका. पण या नेवाळीच्या माळावर एकेकाळी युद्धातल्या विमानांसाठी धावपट्टी बांधली होती, असं सांगितलं तर खरं वाटेल तुम्हांला?

खरीच आहे ती गोष्ट. दुसऱ्या महायुद्धातली.

१९४२ साल उजाडलं तेव्हा जपानी सैन्य झपाट्याने पुढे येत होतं. मार्च महिन्यात त्यांनी बर्माची राजधानी रंगून घेतली. ५ एप्रिलला जपानी विमानांनी कोलंबोवर हल्ला केला, आणि दुसऱ्याच दिवशी आपल्या विशाखापट्टणम आणि काकीनाडा बंदरांवर बाँब पडले. आता पाळी कुणाची, अशी धास्ती सगळ्या किनाऱ्यावर पसरली. देशावर राज्य इंग्रजांचं होतं. त्यांनी घाईघाईने हिंदुस्थानभर दोनशेहून जास्त विमानतळांची आखणी केली. मुंबई हे तर मोठं बंदर. सैनिक, तोफा, दारूगोळा, सगळं इथेच बोटीतून उतरायचं. आणि मुंबईजवळचं मोठं रेल्वे जंक्शन म्हणजे कल्याण! इथून एक लोहमार्ग नाशिककडे जातो, दुसरा पुण्याकडे. म्हणून कल्याणच्या आसपास लष्कराच्या छावण्या पडल्या, आणि नेवाळीच्या सपाट जमिनीवर धावपट्टी आली.

आता थोडं विमानांविषयी. आपलं हवाई दल ८ ऑक्टोबर १९३२ या दिवशी स्थापन झालं. पहिली स्क्वाड्रन उभी राहिली १ एप्रिल १९३३ रोजी, कराचीला. स्क्वाड्रन म्हणजे विमानांची तुकडी. तिच्यात विमानं असतात, वैमानिक असतात, आणि विमानांची देखभाल करणारे कारागीरही असतात. या पहिल्या तुकडीकडे विमानं किती होती, ठाऊक आहे? फक्त चार! वापिती नावाची, दोन पंखांच्या मजल्यांची, संथ विमानं.

पुढे महायुद्ध सुरू झालं. १९४१ मध्ये या पहिल्या स्क्वाड्रनला लायसँडर जातीची नवी विमानं मिळाली. त्यांचा खर्च मुंबईत जमवलेल्या युद्धनिधीतून झाला होता, म्हणून या तुकडीला 'बाँबे स्क्वाड्रन' म्हणू लागले. लायसँडर मोठं गमतीदार विमान होतं. पंख वैमानिकाच्या डोक्यावर, आणि वेग बेताचा. पण छोट्याशा मैदानातूनही ते उडायचं आणि उतरायचं. फेब्रुवारी १९४२ मध्ये ही तुकडी बर्मात पोहोचली. जपान्यांनी त्यांच्या तळावर बाँब टाकले, तेव्हा तुकडीचे प्रमुख करुण कृष्ण मजुमदार यांनी आपल्या लायसँडरला बाँब अडकवले आणि सरहद्दीपलीकडच्या जपानी विमानतळावर जाऊन ते टाकून आले. लायसँडर हे काही बाँबफेकीसाठी बनवलेलं विमान नव्हे, बरं का! १९४४ मध्ये इंफाळच्या लढाईत याच तुकडीचे प्रमुख होते अर्जन सिंग. हेच पुढे १९६५ च्या युद्धात आपले हवाईदलप्रमुख होते. ही पहिली स्क्वाड्रन आजही आहे. 'टायगर्स' हे तिचं नाव, आणि मिराज २००० ही तिची विमानं.

म्हणजे विमानांसाठी पैसे देणाऱ्यांची आठवण तुकडीच्या नावात राहिली. वैमानिकांची नावं इतिहासात राहिली. राहायलाच हवीत. पण मित्रांनो, विमान उडवायला आणखी एक गोष्ट लागते. जमीन!

किती जमीन लागते, याचा विचार केलाय कधी? विमान एका जागेवरून टुणकन उडी मारून वर जात नाही. ते आधी पळतं. पळता पळता पंखांवरून पुरेशा वेगाने हवा वाहू लागली, की पंख त्याला उचलतात. समोरून वारा येत असेल तर कमी पळावं लागतं. म्हणून धावपट्टी शक्यतो वाऱ्याच्या दिशेने आखतात. विमान जितकं जड, तितकी पट्टी लांब. त्या काळच्या जड बाँबफेकी विमानांना दीड-दोन किलोमीटरची पट्टी लागायची. आजच्या लढाऊ जेट विमानांच्या तळांवर ती अडीच-तीन किलोमीटरपर्यंत असते. शिवाय आपल्याकडचा पाऊस! कच्च्या मातीवर जड विमानाची चाकं रुततील. मग खाली दगडांचा थर, वर पक्का पृष्ठभाग, बाजूंना पाणी निघून जायला चर. विमानं उभी करायला जागा, पेट्रोलच्या साठ्याला जागा, माणसांना राहायला जागा. पट्टी एक, पण जमीन कितीतरी पट जास्त.

नेवाळी आणि आसपासच्या गावांची मिळून सोळाशे एकरांहून जास्त जमीन या विमानतळासाठी घेतली गेली. क्रिकेटचं एक मोठं मैदान साधारण चार एकरांचं धरा. म्हणजे अशी चारशे मैदानं! आणि ही काही ओसाड जमीन नव्हती. तिथे भाताची खाचरं होती. घरोघरी वर्षाचा तांदूळ त्या खाचरांतूनच यायचा.

मग महायुद्ध संपलं. १९४५ मध्ये जपान शरण आला आणि १९४७ मध्ये इंग्रजही गेले. युद्धासाठी उभारलेल्या जागांचं पुढे काय झालं, ते पाहा. सांताक्रूझला युद्धकाळात ब्रिटिश हवाई दलाचा तळ होता. तिथे आज मुंबईचा विमानतळ आहे. पुण्याचं लोहगाव भारतीय हवाई दलाकडे आलं. तिथून आता सुखोई-३० विमानं गर्जत उडतात. कल्याणजवळच्या सैनिकांच्या छावण्या रिकाम्या झाल्या होत्या. फाळणीनंतर सिंधमधून घरदार सोडून आलेल्या निर्वासितांना तिथे आसरा मिळाला. १९४९ मध्ये त्या वस्तीचं नाव उल्हासनगर झालं. आजही तिथे कुणाला पत्ता विचारला, तर 'कॅम्प नंबर तीन', 'कॅम्प नंबर चार' असंच सांगतात. तो 'कॅम्प' म्हणजे ही छावणी!

नेवाळीच्या धावपट्टीला मात्र यातलं काहीच लाभलं नाही. ती विमानतळ म्हणून पुढे वाढली नाही. पट्टीवर गवत वाढलं. जमीन सरकारच्या कागदांत संरक्षण खात्याची राहिली, आणि आजूबाजूचे शेतकरी तिच्यावर भात लावत राहिले. वडील गेले, मुलं आली. मुलांची मुलं आली. नांगर थांबला नाही.

आता एक अवघड गोष्ट समजून घेऊ. सरकार एखादी जमीन दोन तऱ्हांनी घेऊ शकतं. एक म्हणजे काही काळापुरती. काम झालं की मालकाला परत. दुसरी तऱ्हा कायमची, म्हणजे भूसंपादन. त्यात मोबदला द्यायचा आणि मालकी सरकारची. नेवाळीच्या शेतकऱ्यांचं म्हणणं असं, की आमची जमीन युद्धापुरती घेतली होती. युद्ध संपलं, आता ती परत द्या. सरकारचं म्हणणं असं, की ही जमीन संरक्षण खात्याच्या मालकीची आहे. पुढे ती नौदलाच्या ताब्यात आली. नौदलाने तिच्याभोवती भिंत घालायला सुरुवात केली, तेव्हा गावं पेटून उठली. २२ जून २०१७ रोजी मलंग रोडवर मोठं आंदोलन झालं. रस्ते अडवले, टायर जाळले, पोलिसांच्या गाड्या पेटल्या. पोलिसांनी छऱ्यांच्या बंदुका चालवल्या. शेतकरीही जखमी झाले, पोलीसही. जून महिना म्हणजे भाताच्या पेरणीचे दिवस, हे लक्षात घ्या.

गाड्या जाळणं चूकच. त्याने कुणाचा प्रश्न सुटत नाही. पण पंचाहत्तर वर्षं एखादा प्रश्न कागदात पडून राहिला, तर माणसांच्या मनात काय साठत असेल, तेही पाहायला हवं. दुसरीकडे, देशाच्या सैन्याला जागा लागतेच. उद्या संकट आलं तर विमानं काय रस्त्यावर उतरवायची? दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. म्हणूनच जमीन घेताना ती किती दिवसांसाठी, किती मोबदल्यात आणि कुणाच्या नावावर, हे स्पष्ट लिहून ठेवायला हवं, आणि दिलेला शब्द पाळायला हवा. घाई कितीही असो. युद्ध चार-सहा वर्षांत संपतं. सातबारा पिढ्यान्‌पिढ्या चालतो.

तुम्ही कधी मलंगगडाला गेलात, तर वाटेत नेवाळीला जरा थांबा. संरक्षण खात्याची जागा आहे, तेव्हा आत शिरायचं नाही, फोटो काढायचे नाहीत. रस्त्यावरूनच तो माळ पाहा. जायला जमत नसेल तर उपग्रहाच्या नकाशात नेवाळी शोधा. शेतांचे बांध कसे वाकडेतिकडे असतात, कारण ते जमिनीच्या उतारासारखे वळतात. धावपट्टीची रेघ मात्र पट्टीने आखावी तशी सरळ असते. त्या रेघेवरून तुम्हांला ती ओळखता येईल.

आणि तुमचं गाव कल्याण, अंबरनाथ, ठाणे या बाजूचं असेल, तर आणखी एक काम करा. घरातल्या आजी-आजोबांना विचारा, युद्धाच्या वेळच्या काय गोष्टी त्यांच्या आईवडिलांनी सांगितल्या? छावणी कुठे होती? कुठलं शेत गेलं? त्या शेताला काय नाव होतं? आपल्याकडे शेतांनाही नावं असतात. जे सांगतील ते तारीख घालून वहीत लिहून ठेवा. विमानांची नावं पुस्तकांत मिळतील. त्या शेतांची नावं विचारल्याशिवाय मिळायची नाहीत.