कोतवाल खेळत नाही

मॅगझिनचा मराठी विभाग म्हटला की आई, पाऊस, मैत्री, सेवाग्राम आणि पवनार! या पाच विषयांच्या बाहेरचं क्वचितच काही सापडतं. मी गेमवर लिहिणार म्हटल्यावर संपादक मंडळातला मित्र म्हणाला, "अबे, मॅडम छापतील काय हे?" छापलं, म्हणूनच तर तुम्ही वाचताय. आणि खरं सांगायचं तर शेवटी मीही पवनारलाच जाऊन पोचणार आहे. वर्ध्याच्या माणसाला दुसरी वाट नाही!

आमची बॅच २०२२ ची. आम्ही कॉलेजात आलो तेव्हा बीजीएमआय प्ले स्टोअरवर नव्हता. आधी सप्टेंबर २०२० मध्ये पबजी मोबाइलवर बंदी आली, मग जुलै २०२१ मध्ये त्याचा भारतीय अवतार म्हणून बीजीएमआय आला आणि जुलै २०२२ मध्ये तोही गेला. मे २०२३ च्या शेवटी तो परत आला, तेव्हा आमच्या हॉस्टेलमध्ये दिवाळी साजरी झाली. पेपर तोंडावर होते, पण ती गोष्ट वेगळी.

ज्यांना यातलं काही कळत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. या गेममध्ये चार जणांचा एक स्क्वॉड असतो आणि गेममधल्या माइकवर ते चौघं एकमेकांशी बोलतात. पण मेलेल्यांनी कुठे जायचं? वाट बघणाऱ्यांनी कुठे बसायचं? आम्ही होतो सतरा जण. सुट्टी लागली की कोणी आर्वीला, कोणी हिंगणघाटला, कोणी पुलगावला, कोणी कारंज्याला. म्हणून आम्ही डिस्कॉर्डवर सर्व्हर काढला. पूर्वीचे गेमर टीमस्पीक, व्हेंट्रिलो, मम्बल असली सॉफ्टवेअर वापरायचे, आणि त्यासाठी बहुतेकदा सर्व्हर भाड्याने घ्यावा लागे. २०१५ साली जेसन सिट्रॉन आणि स्टॅनिस्लाव विश्नेव्स्की यांनी डिस्कॉर्ड आणलं आणि हे काम फुकटात होऊ लागलं. सर्व्हर म्हणजे वाडा समजा. चॅनल म्हणजे त्यातल्या खोल्या. आणि रोल म्हणजे कोणाच्या कमरेला कोणत्या किल्ल्या, ते.

पहिल्या रात्री आमच्या वाड्यात एकच खोली होती आणि तिच्यात सतराच्या सतरा जण. एक ओरडतोय, "लेफ्ट में है, लेफ्ट में!" दुसरा, "कोणाच्या लेफ्टमध्ये बे?" तिसऱ्याच्या घरी टीव्हीवर सिरियल, चौथ्याच्या गोठ्यात म्हैस. त्या रात्री आम्ही एकही मॅच जिंकलो नाही, पण हसून हसून पोट दुखलं.

दुसऱ्या दिवशी मी खोल्या पाडल्या. 'स्क्वॉड एक' ते 'स्क्वॉड चार', प्रत्येकीत चारच जणांची मर्यादा. पाचवा शिरायला गेला की दार बंद. सगळ्यांसाठी 'कट्टा'. आणि फोन चालू ठेवून घोरणाऱ्यांसाठी 'झोपले' नावाची खोली, जिथे बराच वेळ हालचाल नसलेला माणूस आपोआप जाऊन पडतो. लिहिण्यासाठी 'पेपर' नावाचं चॅनल केलं, त्यात सीनियरकडून मिळवलेले जुने प्रश्नपत्रिकांचे फोटो टाकले. कोणाला म्हणून सांगू नका, पण आमच्यातले निम्मे त्या चॅनलवर पास झाले.

आता किल्ल्या कोणाकडे? प्रश्नच नव्हता. आपण सगळे भाऊ! सतराही जणांना अॅडमिनचा रोल दिला.

हे भाऊबंदांचं राज्य नऊ दिवस टिकलं. दहाव्या रात्री एकाने गंमत म्हणून ऐन मॅचमध्ये सगळ्यांना उचलून 'झोपले'मध्ये टाकलं. दुसऱ्याने चिडून त्याचा माइक बंद केला. त्याने दुसऱ्याला खोलीतूनच हाकललं. आणि या मारामारीत तिसऱ्या कोणीतरी 'पेपर' चॅनल डिलीट केलं. डिलीट झालेलं चॅनल परत येत नाही. कोणी काय केलं याची नोंद सर्व्हरच्या ऑडिट लॉगमध्ये दिसते. मला नाव दिसलं. पण नाव कळून काय उपयोग? पेपर गेले ते गेलेच.

मग मी सिरियस झालो. दोन रात्री बसून परमिशनचा अभ्यास केला. (एवढा अभ्यास एम-३ चा केला असता तर!) यातलं गणित साधं आहे. सर्व्हरवर येणाऱ्या प्रत्येकाला 'एव्हरीवन' नावाचा एक मूळ रोल आपोआप मिळतो. त्यावर जितके रोल द्याल तितक्या परवानग्या वाढत जातात, एकाने दुसऱ्याची कमी होत नाही. म्हणून मुळातच कमी द्यायचं आणि मग गरजेपुरतं वाढवायचं. एखाद्या खोलीपुरता वेगळा नियमही करता येतो. पण ज्याला अॅडमिनिस्ट्रेटरची परवानगी आहे त्याला कोणत्याच खोलीचा नियम अडवत नाही. ती किल्ली म्हणजे साऱ्या वाड्याची किल्ली.

हे कळल्यावर मी काय केलं? सोळा जणांच्या किल्ल्या काढून घेतल्या आणि सगळ्या स्वतःच्या कमरेला लावल्या. खोली उघडणं, एखाद्याला हलवणं, माइक बंद करणं, सगळं माझ्याकडे. वरून रँकप्रमाणे रंगीत रोल वाटले. कॉन्करर सोनेरी, एस जांभळा, आणि सगळ्यात खाली करड्या रंगात ब्राँझ. मेंबरांच्या यादीत सोनेरी नावं वर, करडी नावं तळाला. मला वाटलं, वा, काय शिस्त आली!

त्या करड्या नावांमध्ये एक आमचा आष्टीवाला होता. त्याचं नाव लिहीत नाही. हा लेख छापायला देण्याआधी त्याला वाचून दाखवला आहे, आणि त्याने "दे" म्हटल्यावरच दिला आहे. त्याचा फोन जुना. वीस मिनिटं खेळलं की तव्यासारखा तापायचा. खेळात तो यथातथाच, पण कट्ट्यावर त्याच्यासारखा बोलणारा नाही. सरांच्या नकला करायचा तेव्हा जिवंत असलेले गडी मुद्दाम मरून कट्ट्यावर यायचे.

जून २०२४. सेकंड इयरची सुट्टी, पेरणीचे दिवस. रविवारी रात्री आमची मॅच होती, चार स्क्वॉड एकमेकांविरुद्ध. आष्टीवाला सुरुवातीलाच मेला आणि कट्ट्यावर जाऊन बसला. तिथे तोवर अकरा जण जमले होते. थोड्या वेळाने त्याच्या आईने जेवायला हाक मारली. त्याने इअरफोन काढून खाटेवर ठेवला आणि उठला. माइक चालूच राहिला.

त्याच खोलीत त्याचे बाबा कृषी केंद्रवाल्याशी फोनवर बोलत होते. मागची उधारी राहिली आहे, सोयाबीनला भाव मिळाला नाही, पोराची फी भरली, यंदा पऱ्हाटीच्या बॅगा तेवढ्या उधार द्या, दिवाळीत कापूस निघाला की पहिले तुमचे देतो. समोरचा नाही म्हणत असावा. कारण बाबा तेच तेच पुन्हा सांगत होते आणि दर वेळी आवाज खाली खाली जात होता. 'भाऊ' म्हणणारा माणूस 'साहेब' म्हणायला लागला.

हे मी नंतर ऐकलं, इतरांकडून. मी तेव्हा 'स्क्वॉड दोन'मध्ये होतो. शेवटचं सर्कल, आम्ही तिघं जिवंत. कट्ट्यावरून एकाने मला मेसेज टाकला, "आष्टीवाल्याचा माइक बंद कर, लवकर." स्क्रीनच्या वर पट्टी आली. मी वाचली. आणि बोटाने वर सरकवून टाकली. कारण समोरच्या झाडामागे एकजण होता.

दुसरी पट्टी आली. तीही सरकवली.

चार-पाच मिनिटं गेली. सर्व्हरवरून दुसऱ्याचा माइक बंद करण्याची परवानगी फक्त मला होती, आणि मी झाडामागचा माणूस मारत होतो. आम्ही दुसरे आलो. मी कट्ट्यावर पोचलो तेव्हा आष्टीवाला जेवून परत आला होता आणि एकजण त्याच्या बाबांची नक्कल करत होता. "साहेब, दिवाळीत देतो ना साहेब..." दोघं-तिघं हसत होते. बाकीचे गप्प.

आष्टीवाला काही बोलला नाही. यादीतून त्याचं नाव गेलं. आधी कट्ट्यावरून, मग सर्व्हरवरून.

मित्रांनो, यात एक गोष्ट मला नंतर जास्त टोचली. डिस्कॉर्डवर कोणत्याही माणसाचा आवाज आपल्यापुरता बंद करता येतो. त्याला कसलीच परवानगी लागत नाही. खोलीतून उठूनही जाता येतं. म्हणजे कट्ट्यावरच्या प्रत्येकाकडे तेवढं बटण होतं. बहुतेकांनी ते दाबलं नाही. पण त्यांना बोलायला मला तोंड कुठे होतं? ते बटण न दाबणारे, आणि मी मेसेज वाचून सरकवणारा.

ऑगस्टमध्ये कॉलेज सुरू झालं. आष्टीवाला मागच्या बाकावर जाऊन बसायला लागला. "सॉरी यार" मी दोनदा म्हटलं. "जाऊ दे ना बे," एवढंच तोही दोनदा म्हणाला. त्या 'जाऊ दे'चा अर्थ काय असतो ते आपल्याकडे सगळ्यांना माहीत आहे.

११ सप्टेंबरला विनोबांची जयंती. एनएसएसतर्फे आम्ही पवनारला साफसफाईला गेलो. योगायोगाने एकाच घमेल्यावर आम्ही दोघं. काम झाल्यावर धाम नदीच्या काठावर बसलो. विनोबा १९३८ साली इथे राहायला आले, आणि १९५९ साली त्यांनी इथे स्त्रियांसाठी ब्रह्मविद्या मंदिर सुरू केलं, हे शाळेपासून ऐकलेलं. पण तिथला कारभार सर्वसंमतीने चालतो, कोणी एक प्रमुख नाही, एकीला जरी पटलं नाही तरी निर्णय थांबतो, हे त्या दिवशी सरांनी सांगितलं तेव्हा प्रथमच नीट कानात शिरलं. मी सहज म्हटलं, "असं कसं चालत असेल बे? एवढ्या साध्या सतरा जणांत आपलं जमलं नाही."

तो पाण्यात खडे टाकत होता. म्हणाला, "तुह्या सर्व्हरवर तर तू एकटाच मालक. तू जागा असला तं सगळे जागे, तू खेळत असला तं सगळे मेले."

मग बऱ्याच वेळाने म्हणाला, "बाबा काय बोलत होते ते मला माहीतच होतं. रोजचंच आहे. पोट्ट्यांना माहीत नव्हतं. तेवढंच राहिलं होतं माझ्याकडे."

यावर काय बोलायचं? मी काहीच बोललो नाही. पण त्या रात्री हॉस्टेलवर, डिस्कॉर्डवर नव्हे, खरोखरच्या खोलीत, आम्ही सगळे बसलो. आष्टीवाल्यालाही बोलावलं. नक्कल करणारा सगळ्यांसमोर त्याची माफी मागून बसला. ठरलं असं की सगळ्यांचं 'हो' आल्याशिवाय नियम करायचा नाही. तीन रात्री लागल्या. वाद झाले, एकजण उठून गेला, त्याला परत आणला.

शेवटी जे ठरलं ते असं. रंगीत रँक बंद, सगळ्यांची नावं एकाच रंगात. कट्ट्यावर 'पुश टू टॉक', म्हणजे बटण दाबून ठेवाल तेवढाच वेळ आवाज जाईल. 'व्हॉइस अॅक्टिव्हिटी'ची परवानगी त्या खोलीपुरती काढली की झालं. हे सेटिंग पहिल्या दिवसापासून होतं, मला फक्त दिसलं नव्हतं. स्क्वॉडच्या खोल्यांत मात्र उघडा माइक, कारण मोबाइलवर दोन्ही अंगठे खेळात असतात, बटण दाबायला तिसरा हात आणायचा कुठून?

आणि एक नवा रोल, 'कोतवाल'. हे नाव आष्टीवाल्यानेच सुचवलं. गावात कोतवाल असायचा ना, दवंडी देणारा, निरोप पोचवणारा, तसा. कोतवालाला दोनच परवानग्या, माइक बंद करणं आणि एखाद्याला दुसऱ्या खोलीत हलवणं. कोणाला हाकलण्याचा अधिकार नाही, चॅनल पुसण्याचाही नाही. हा रोल दर रात्री बदलतो, यादीप्रमाणे, मीही त्यात आलो. आणि सगळ्यात जास्त भांडण ज्यावर झालं तो नियम: ज्या रात्री तुम्ही कोतवाल, त्या रात्री तुम्ही खेळायचं नाही. फक्त कट्ट्यावर बसायचं, ऐकायचं. "एवढी मोठी शिक्षा?" असं एकजण म्हणाला. आष्टीवाला म्हणाला, "शिक्षा नाही. झाडामागं कोणी नसलं पाहिजे, एवढंच." तो माझ्याकडे बघत नव्हता, पण मला कळलं.

मी पहिल्यांदा कोतवाल झालो त्या रात्री चार वेळा माइक बंद केले. एकाकडे घरात भांडण चालू होतं, एकाकडे लहान बाळ रडत होतं, दोघं नुसतेच झोपले होते. पूर्वी मला वाटायचं माइक बंद करणं म्हणजे कोणाचं तरी तोंड बंद करणं. त्या रात्री कळलं की ते बहुतेक वेळा दार लोटून घेण्यासारखं असतं. आत कोणाचं तरी घर असतं.

आष्टीवाला सर्व्हरवर परत आला. पण कट्ट्यावर तो आता माइक लावत नाही. त्याच्या नावापुढे माइकवर आडवी रेघ असते, आणि तो जे काही बोलायचं ते टाइप करतो. सरांच्या नकलाही टाइप करतो! तरी हसू येतं. पण आवाजात करायचा ती गोष्ट वेगळी होती. ती आम्ही घालवली. तिचा बॅकअप नाही.

असो. आता आमचं शेवटचं वर्ष. सर्व्हर ज्याच्या मालकीचा असतो त्याच्या नावाशेजारी एक छोटा मुकुट दिसतो. तो दुसऱ्याला देता येतो, दोन-तीन क्लिकचं काम आहे. ज्युनियरपैकी कोणाला द्यायचा यावर सध्या बैठका चालू आहेत. दोन रात्री झाल्या, अजून सगळ्यांचं 'हो' आलेलं नाही. एकजण म्हणाला, जो सगळ्यात चांगला खेळतो त्याला देऊ. आष्टीवाल्याने कट्ट्यावर टाइप केलं, "जो खेळ सोडून येतो त्याला द्या."

त्या रात्री कोतवाल मी होतो. मी ते सगळ्यांना मोठ्याने वाचून दाखवलं.