विहिणीची कढी

मांसाच्या गोळ्यांची कृति या पानांवर पाहून कित्येक भगिनींच्या भिवया वर चढतील, हें मला ठाऊक आहे. माझ्याही चढल्या असत्या. आमच्या घरांत चातुर्मासांत कांद्या-लसणीला मज्जाव. सासूबाईंच्या हयातींत अंड्याचें नांव उंबऱ्याच्या आंत काढण्याची सोय नव्हती. आणि मीं स्वतः पासष्टी उलटून गेली तरी मांस किंवा अंडें जिभेवर ठेवलेलें नाहीं. असें असतां २०१९ च्या जानेवारींत, ग्रीस देशांतील थेसालोनिकी शहरीं, एका परक्या स्वयंपाकघरांत उभी राहून मीं अंडीं फोडलीं, घुसळलीं आणि मांसाच्या रश्शांत ओतलीं. पहिल्या खेपेस तर नासवलींही. तें कसें घडलें तें सांगतें.

माझा धाकटा मुलगा तेथें नऊ वर्षें नोकरीस होता. तेथील मुलीशीं त्यानें लग्न केलें आणि त्या डिसेंबरांत सूनबाई बाळंत झाली. डिंकाचे लाडू, बाळंतशोपा आणि तुपाचा डबा घेऊन मी विमानांत बसलें. वास्तविक पहिलें बाळंतपण माहेरचें, आणि माहेर तर त्याच इमारतींत खालच्या मजल्यावर होतें. परंतु मी पोंचण्याच्या आदल्याच आठवड्यांत विहीणबाई जिन्यावरून घसरल्या व उजवें मनगट मोडून बसल्या. हात कोपरापर्यंत प्लास्टरांत. त्यामुळें माझें जाणें केवळ शोभेचें न राहतां गरजेचें झालें.

मुलाच्या सासूला काय म्हणावें हें इंग्रजी भाषेला ठाऊक नाहीं. तें त्या भाषेचें दारिद्र्यच, असें मला नेहमीं वाटत आलें आहे. ग्रीक भाषेला ठाऊक आहे. दारांत पाऊल टाकतांच त्या बाईंनीं डावा हात माझ्या खांद्यावर ठेवला, एकदां माझ्याकडे व एकदां स्वतःकडे बोट केलें आणि म्हणाल्या, "सिंबेथेरा, सिंबेथेरा." म्हणजे विहीण. यापलीकडे आम्हां दोघींना एकमेकींच्या भाषेचा एक शब्दही येत नव्हता. पण हळूहळू कळूं लागलें कीं पुष्कळसें बोलण्याची गरजच नाहीं. त्यांच्यांतही बाळंतिणीनें चाळीस दिवस घरांत राहावयाचें आणि मग मुलाला घेऊन प्रथम चर्चमध्यें जावयाचें अशी रीति आहे. आपल्या सव्वा महिन्याची ही सख्खी बहीणच! मी शेपूची भाजी केली तेव्हां विहीणबाईंनीं पानें चुरडून हुंगलीं आणि "आनिथोस" म्हणून लहान मुलीसारख्या हंसल्या. शेपू त्यांच्याही घरचा.

बाहेर थंडी कडाक्याची होती. वार्दारिस नांवाचा वारा उत्तरेकडून नदीच्या खोऱ्यानें उतरतो आणि शहराला झोडपून काढतो. आभाळ निवळलें म्हणजे आखातापलीकडे ऑलिंपस पर्वतावरचें बर्फ दिसतें. अशा एका दिवशीं सूनबाईला आईच्या हातच्या युवार्लाकियाची आठवण झाली. तांदूळ घालून केलेले मांसाचे गोळे आणि वर अंडें-लिंबाचा दाटसर रस्सा. तेथें हिंवाळ्यांत हें घरोघर होतें. विहीणबाईंनीं आपल्या प्लास्टरकडे पाहिलें, मग माझ्याकडे पाहिलें आणि लगेच नजर वळविली. मीं खालीं पाहिलें.

"मी करतों," चिरंजीव म्हणाले.

तेथील रिवाजानें या पदार्थाला मांस बहुधा गोवंशाचें, क्वचित् त्यांत डुकराचेंही मिसळलेलें. मी घरांत आहें म्हणून विहीणबाईंनीं त्या दिवशीं कोकराचें आणविलें होतें. मी कोणतेंच खात नाहीं. तेव्हां मला काय त्याचें, असें कोणीही म्हणेल. परंतु कोणीं न सांगतां त्या बाईंनीं एवढा विचार केला होता, आणि तेथून उठून जाण्यास जें एक सोपें कारण माझ्यापाशीं होतें तें काढून घेतलें होतें. मी खुर्ची ओढून दाराशीं बसलें.

कृति तशी अवघड नाहीं. अर्धा किलो खिम्याला अर्धा चहाचा पेला कच्चा तांदूळ, एक किसलेला कांदा, मूठभर शेपू, तितकीच पार्सली (ही कोथिंबिरीच्याच कुळांतली), एक अंडें, दोन चमचे ऑलिव्हचें तेल, मीठ आणि मिरपूड. हें सारें मळून थोडा वेळ थंड जागीं ठेवावयाचें, मग अक्रोडाएवढे गोळे वळावयाचे. विहीणबाई डाव्या हातानें मीठ टाकीत होत्या आणि चिरंजीव मळीत होते. मग ते गोळे वळूं लागले.

मीं त्यांचे हात पाहिले. पहिला गोळा वळणारा माणूस चांचपडतो. त्याचा गोळा एका बाजूस चपटा होतो. येथें तसें कांहीं नव्हतें. चिमूट उचलावयाची, दोन तळव्यांत तीन फेरे द्यावयाचे आणि शेवटीं बोटें किंचित् वाकवून एक हलकासा झोला द्यावयाचा, कीं गोळा गुळगुळीत. तो शेवटचा झोला माझा होता. बेसनाचे लाडू वळतांना मीं तो त्याला शिकविला होता, तो आठ वर्षांचा असतांना, दिवाळीच्या आदल्या रात्रीं. तीस-पस्तीस गोळे त्यानें पंधरा मिनिटांत ताटांत मांडले, सगळे एकसारखे. असे हात एका दिवसांत तयार होत नाहींत. नऊ वर्षें दर रविवारीं फोनवर "काय जेवलास रे?" म्हणून मी विचारीत होतें आणि नऊ वर्षें "आमटी-भात" हेंच उत्तर येत होतें.

मी कांहींच बोललें नाहीं. त्यानें मान वर केली, माझ्या तोंडाकडे पाहिलें आणि त्यालाही कळलें कीं मला कळलें आहे.

गोळे दीड लिटर उकळत्या पाण्यांत सोडले, त्यांत थोडें लोणी घातलें, आंच मंद केली. शिजावयास अर्धा-पाऊण तास लागतो. कच्चा तांदूळ आंतल्या आंत फुलतो आणि गोळ्याला कांटे फुटल्यासारखा बाहेर डोकावतो. तेवढ्या वेळांत विहीणबाई बोलत होत्या व सूनबाई बाळाला मांडीवर घेऊन मला इंग्रजींत सांगत होती. ही कृति त्यांच्या आजीची. स्मिर्ना शहर १९२२ च्या सप्टेंबरांत जळालें, तेव्हां सतरा वर्षांची ती मुलगी अंगावरच्या वस्त्रांनिशीं तेथून निघाली. पुढच्याच वर्षीं लोझानच्या करारान्वयें ग्रीस व तुर्कस्थान यांनीं आपापले लोक धर्म पाहून बदलून घेतले. दहा लाखांहून अधिक माणसें अशा रीतीनें ग्रीसमध्यें आलीं आणि त्यांच्याबरोबर त्यांच्या भांड्यांतले शब्दही आले. "युवार्लाक" म्हणजे तुर्की भाषेंत वाटोळें. आपला कोफ्ताही तेथें "केफ्तेस" होऊन नांदतो आहे. अंडें-लिंबाच्या रश्शाला ग्रीक लोक "आव्गोलेमोनो" म्हणतात. आव्गो म्हणजे अंडें, लेमोनी म्हणजे लिंबू. तुर्कांत त्यालाच "तेर्बिये" म्हणतात, आणि तो शब्द म्हणजे उर्दूंतली "तर्बियत", शिस्त, वळण. हा रस्सा मूळचा ज्यू लोकांचा, १४९२ सालीं स्पेनमधून हांकलले गेल्यावर तो त्यांच्याबरोबर पूर्वेकडे आला, असेंही पाकशास्त्राचे कित्येक अभ्यासक मानतात. थेसालोनिकींत तर चार शतकें त्यांची मोठी वस्ती होती. १९४३ सालीं जर्मनांनीं त्यांतील चाळीस हजारांहून अधिक माणसें आगगाडीनें ऑश्विट्झला नेलीं. विहीणबाईंच्या आजीच्या शेजारचें दार त्या वर्षीं बंद झालें तें उघडलें नाहीं.

हें सारें मीं ऐकलें, पण खरें सांगावयाचें तर अर्धेंच ऐकलें. माझें मन ताटांतल्या गोळ्यांपाशीं अडकलें होतें.

गोळे शिजत आले तोंच चिरंजीवांना कचेरींतून फोन आला आणि ते आंत गेले. अंडें घुसळावयास दोन हात लागतात. विहीणबाईंचा एक निकामी, सूनबाईच्या मांडीवर बाळ. मी उठलें. कोणीं मला उठ म्हटलें नव्हतें. दोन अंडीं फोडलीं, फेंस येईपर्यंत घुसळलीं, दोन लिंबांचा रस घातला, आणि रागाच्या भरांत, होय, रागच तो, पातेलें रटरटत असतांना सगळें एकदम त्यांत उपडें केलें.

क्षणांत पांढऱ्या-पिवळ्या चिंध्या वर आल्या.

"एकोप्से," विहीणबाई शांतपणें म्हणाल्या. त्याचा अर्थ "कापलें." आपण फाटलें म्हणतों. माझ्या डोळ्यांत पाणी आलें. तें कांहीं अंड्यांसाठीं नव्हतें. त्या बाईंनीं मात्र डाव्या हातानें पातेलें विस्तवावरून सरकविलें, झाऱ्यानें गोळे वेगळे काढले, रस्सा गाळणींतून गाळून घेतला, आणि दोन अंडीं पुन्हां माझ्यापुढें ठेवलीं. लिंबू मात्र या वेळीं अर्धेंच, कारण आधींचा आंबटपणा रश्शांत उतरलेलाच होता.

ज्या बाईनें चाळीस वर्षें ताकाची कढी केली तिला हें शिकवावें लागावें, याची मला पुढें लाज वाटली. कढीला खळखळून उकळी आली कीं ती फुटते, म्हणून आपण ती ढवळीत राहतों आणि बेसन लावतों. अंड्याचेंही तेंच. त्याचा पांढरा भाग साठ अंशांच्या पुढें आणि पिवळा पासष्ट ते सत्तरच्या सुमारास गोठूं लागतो. रश्शांत सावकाश पातळ केला तर अधिक ऊष्मा सोसतो, पण उकळी त्याला सोसत नाहीं. म्हणून आधीं आंच बंद. पातेल्यांतला गरम रस्सा एक पळी घेऊन बारीक धारेनें अंड्यांत सोडावयाचा आणि दुसऱ्या हातानें घुसळणें थांबवावयाचें नाहीं. मग दुसरी पळी, मग तिसरी. अंडें अशा रीतीनें उष्णतेला सरावलें म्हणजे मगच तें पातेल्यांत परत घालावयाचें. नंतर चमचा न फिरवतां पातेलेंच दोन्ही कानांनीं धरून हलवावयाचें. तांदुळाची पेज रश्शांत उतरलेली असते, तीही बेसनासारखी उपयोगी पडते. कोणी थोडें मक्याचें पीठ लावतात. विहीणबाईंना तें कमीपणाचें वाटतें.

त्यांनीं माझें मनगट आपल्या डाव्या हातांत धरलें आणि पळी किती कलती करावयाची तें दाखविलें. शेवटीं अंडें पातेल्यांत सोडतांना त्या एकाएकी ओठांनीं मुके घेतल्यासारखा आवाज करूं लागल्या. मीं चमकून पाहिलें. सूनबाई हंसत म्हणाली, "असा आवाज केला कीं तें फाटत नाहीं, अशी जुन्या बायकांची समजूत आहे. तुम्हींही करा." मग आम्ही दोघी विहिणी, एकीचा हात प्लास्टरांत आणि एकीचे डोळे ओले, त्या पातेल्यावर वाकून मुच्‌ मुच्‌ करीत उभ्या राहिलों. रस्सा फिक्या पिवळ्या रंगाचा झाला. सायीसारखा. एक चिंधी नाहीं.

माझ्यासाठीं विहीणबाईंनीं निराळें पान मांडलें होतें: द्राक्षाच्या पानांत गुंडाळलेला तांदूळ, शेपू आणि लिंबू; मांस नाहीं, अंडें नाहीं. या बिनमांसाच्या प्रकाराला काय म्हणतात म्हणून मीं विचारलें. सूनबाई म्हणाली, "यालांजी. तुर्की शब्द आहे. खोटारडा. मांसाचें सोंग घेतें ना, म्हणून." सगळे हंसले. चिरंजीव हंसले नाहींत. त्यांनीं आपला वाडगा माझ्यासमोर पुढें ओढला आणि प्रथमच माझ्यादेखत जेवूं लागले. मीं पाहिलें, पण मान फिरविली नाहीं. वास लिंबाचा आणि शेपूचा होता. त्याखालचा दुसरा वासही मला येत होता, आणि तो मला सोसला असें म्हणवत नाहीं.

रात्रीं भांडीं विसळतांना तो जवळ येऊन उभा राहिला.

"आई, सांगणार होतों."

"केव्हां?"

यावर त्याच्यापाशीं उत्तर नव्हतें. नऊ वर्षांत पाचशे रविवार होत नाहींत, पण साडेचारशेंच्या वर होतात. हा हिशेब मीं मनांत केला आणि तेथेंच ठेवला. भांडीं संपलीं. हात पुसतांना मीं म्हटलें, "गोळे चांगले वळले होतेस." तो कांहीं न बोलतां कितीतरी वेळ तसाच उभा होता.

चाळिसावा दिवस झाल्यावर मी परतलें. विहीणबाईंचें प्लास्टर तोंवर निघालें होतें. पुण्यास आमच्या घरीं अजून दोन चुली झालेल्या नाहींत; दर गुरुवारीं कढी असते आणि ती माझ्याकडे असते. ती उतरवितांना माझ्या ओठांतून आपोआप तो आवाज निघतो. एकदां जाऊबाईंनीं कान टवकारून विचारलें, "काय हो, काय झालें?" दांतांत कांहीं अडकलें आहे, असें मीं सांगितलें. हें मासिक आमच्याकडे आधीं त्यांच्या हातीं पडतें, मग माझ्या.