मल्बेरी स्ट्रीटचे ‘भाई’

न्यूयॉर्कला गेलात तर मल्बेरी स्ट्रीटला एक चक्कर माराच. २४७ नंबरला जॉन गॉटीचा अड्डा होता. याच इमारतीत एफबीआयने छुपे माइक लावले आणि १९९२मध्ये त्याला जन्मठेप झाली. सरळ दक्षिणेला चालत गेलं की कोलंबस पार्क. एकोणिसाव्या शतकात इथल्या फाइव्ह पॉइंट्स वस्तीत आयरिश टोळ्यांचं राज्य होतं. नंतर इटालियन आले, ज्यू आले. १९२०ची दारूबंदी आली आणि सिसिलीचा लकी लुसियानो आणि ज्यू मेयर लॅन्स्की यांची चक्क पार्टनरशिप जमली! धंद्यात कसला आलाय धर्म? पण याच भागातले हजारो स्थलांतरित तेव्हा कपड्यांच्या कारखान्यांत राबत होते. भाईगिरी मूठभरांची, शिक्का मात्र सगळ्यांवर. कॅनोली खाताना एवढं आठवा!