पसरणीचा घाट आणि चार प्लग

पुण्याहून पाचगणीला मोटारीने जायचे म्हणजे तीन घाट चढायचे: कात्रज, खंबाटकी आणि पसरणी. कात्रजचा घाट आता बाह्यवळणाच्या बोगद्यातून टाळता येतो. पण आमचे नाना तो कधी टाळत नसत. त्यांच्या हिशेबी कात्रज म्हणजे सहामाही परीक्षा, खंबाटकी म्हणजे वार्षिक आणि पसरणी म्हणजे मॅट्रिक. नापास झालेली मंडळी वळणावळणावर दिसत. बॉनेट उघडे, रेडिएटरमधून वाफ, चाकामागे दगड, बायकामुले कठड्यावर बसून पोळीभाजी खात आहेत आणि कर्ता पुरुष पाण्याचा डबा हातात धरून इंजिनकडे अशा चेहऱ्याने पाहतो आहे, की जणू ते आता तोंड उघडून काहीतरी सांगणार आहे!

खरे सांगायचे तर इंजिन सांगतच असते. फक्त सपाटीवर ते हळू आवाजात बोलते आणि घाटात ओरडून.

आमची गाडी १९८४ ची प्रीमियर पद्मिनी. नाव पद्मिनी, पण घरात आणि गल्लीत सगळे तिला फियाटच म्हणतात, आणि त्यात चूक काही नाही. वालचंद हिराचंदांच्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सच्या कुर्ल्याच्या कारखान्यात १९६४ पासून ‘फियाट ११०० डिलाइट’ बनू लागली, तिचेच हे पुढे बदललेले नाव. इंजिन १०८९ सी.सी.चे, चार सिलिंडरांचे. नव्या शतकाच्या उंबरठ्यावर तिचे उत्पादन थांबले. मुंबईत काळ्यापिवळ्या टॅक्सीच्या रूपाने ती आणखी काही वर्षे धावली. २०२३ च्या ऑक्टोबरात तीही निरोप घेऊन गेली. आमची मात्र सदाशिव पेठेत, इमारतीच्या खालच्या पार्किंगमध्ये, दोन चकचकीत गाड्यांच्या मधोमध वडीलधाऱ्या बाईसारखी उभी असते.

२०२४ च्या दसऱ्याला, तिला पूजा करून कात्रजच्या बाजूला फिरवून आणावे म्हणून काढली, तर घाटाच्या दुसऱ्याच वळणावर तिने मान टाकली. बंद पडली नाही; पण आचके देऊ लागली. मेकॅनिक मंडळी याला ‘गाडी मिसिंग मारते’ म्हणतात. चारांपैकी एखादा सिलिंडर मधूनच काम सोडून देतो आणि उरलेले तिघे त्याचे ओझे ओढतात. एकत्र कुटुंबात राहिलेल्यांना अधिक सांगायला नको.

एका गॅरेजात दाखवली. तिथल्या गृहस्थांनी बॉनेट न उघडता, नुसते कान देऊन निकाल दिला: ‘‘रिंगा गेल्या. इंजिन उतरवावं लागेल. बोअरिंग, पिस्टन, सगळंच.’’ खर्चाचा आकडा ऐकून मी घरी आलो आणि नाशिकच्या भावाला फोन केला. तो व्यवहारी माणूस. पंधरा वर्षे झालेल्या गाडीची नोंदणी दर पाच वर्षांनी नव्याने करून घ्यावी लागते. आमची मुदत डिसेंबरात संपत होती. भाऊ म्हणाला, ‘‘इंजिनचा खर्च, वर नोंदणीचा खर्च. नाना होते तोवर ठीक होतं. आता देऊन टाक भंगारात.’’

आईने हे सारे शांतपणे ऐकून घेतले. तिचे माहेर वाईचे. वय एक्याऐंशी. ती म्हणाली, ‘‘देण्याआधी एकदा मला वाईला ने. आणि वर पाचगणीलाही.’’

‘‘नेतो की. चांगली भाड्याची गाडी करू.’’

‘‘भाड्याची गाडी काय, फोन केला की दारात. ही पुढच्या वर्षी दारात असेल का, ते सांग.’’

यावर उत्तर नव्हते. इंजिन खरोखरच संपले असेल, तर म्हातारीला घेऊन पसरणी चढणे धोक्याचे. संपले नसेल, तर चांगली गाडी निव्वळ ऐकीव निकालावर भंगारात जाणार. तेव्हा आधी पुरावा पाहायचा ठरले. आणि पेट्रोल इंजिनाचा पुरावा असतो त्याच्या प्लगवर.

प्लग ही चीज तशी बोटभर. चिनीमातीचा पांढरा दांडा, खाली लोखंडी आटे, टोकाशी दोन छोटे इलेक्ट्रोड आणि त्यांच्यामध्ये फट. ठिणगीने वायू पेटवण्याची युक्ती लेन्वारच्या १८६० च्या इंजिनातही होती. पण आजचा प्लग ज्याचा वंशज आहे तो १९०२ मध्ये बॉशच्या जर्मनीतल्या कारखान्यात होनोल्ड नावाच्या इंजिनिअरने सिद्ध केला. बॅटरीचे बारा व्होल्ट कॉइलमध्ये शिरतात आणि हजारो व्होल्ट होऊन बाहेर पडतात. डिस्ट्रिब्यूटर ते पाळीपाळीने चारी प्लगांना वाढतो आणि वीज फटीवरून उडी मारते. इंजिन मिनिटाला तीन हजार फेऱ्या घेत असेल, तर एकेका प्लगला सेकंदाला पंचवीस वेळा ही उडी जमवावी लागते.

आता घाटाचे रहस्य पाहा. सपाटीवर आपण ॲक्सिलरेटर अर्धवटच दाबलेला असतो. सिलिंडरमध्ये हवा आणि पेट्रोल बेताचेच शिरते आणि त्यातून ठिणगीला सहज वाट मिळते. चढावर पाय खाली जातो, सिलिंडर गच्च भरतो, दाब वाढतो. आणि दाबलेल्या वायूतून उडी मारायला विजेला अधिक जोर लागतो. झिजून फट रुंदावली असेल, तर उडी आणखी लांब. चिनीमातीवर काजळी धरली असेल, तर वीज उडी मारण्याचे कष्ट घेतच नाही. काजळीवरून गुपचूप घसरून निघून जाते. म्हणून गावात शहाण्यासारखी चालणारी गाडी घाटात मिसिंग मारते. पण थकलेल्या इंजिनाचीही खोड अशीच दिसू शकते. दोन्हींतला भेद ऐकून नव्हे, पाहून कळतो.

नाना पेठेत मोटारींच्या सुट्या भागांची दुकाने ओळीने आहेत. तिथून गाडीच्या पुस्तिकेत दिलेल्या जातीचे चार प्लग आणले. दुकानदाराने सवयीने विचारले, ‘‘मायकोचे ना?’’ ती कंपनी १९५१ मध्ये निघाली आणि २००८ पासून तिचे नाव बॉश झाले आहे. पण नाना पेठेत नावे इतक्या लवकर बदलत नाहीत.

रविवारी सकाळी, इंजिन रात्रभर थंड झालेले असताना, पार्किंगमध्ये बैठक जमली. मी, टॉर्च धरायला माझी मुलगी आणि सल्ला द्यायला वरच्या मजल्यावरचे, एस्टीच्या वर्कशॉपमधून निवृत्त झालेले काका. काकांनी सुरुवातीलाच सांगून टाकले, ‘‘आमच्या गाड्यांना हे नखरे नव्हते. डिझेल नुसतं दाबलं की पेटतं. तुमच्या पेट्रोलला काडी ओढून द्यावी लागते.’’

मुलीने चारी वायरींना कागदाच्या चिकटपट्ट्यांवर आकडे लिहून लावले. वायरींची अदलाबदल झाली, तर ठिणगी भलत्याच सिलिंडरला भलत्याच वेळी पोहोचते. म्हणून प्लगही एकेकच बदलायचा. एक बसल्याशिवाय दुसऱ्याला हात लावायचा नाही. वायर ओढायची नाही, तिची टोपी धरून उपसायची. मग सायकलच्या पंपाने प्लगभोवतीची धूळ उडवली. नाहीतर प्लग निघाला की ती सरळ सिलिंडरच्या पोटात जाते. आणि मग प्लगचा पाना लावला. पहिला प्लग कुरकुर करत सुटला.

तो बाहेर आला तेव्हा कोणीच बोलले नाही. टोक काळेकुट्ट होते.

प्लगची भाषा सोपी आहे. टोक बिस्किटासारखे तपकिरी असेल, तर इंजिनाची प्रकृती उत्तम. पांढरेफटक, भाजल्यासारखे असेल, तर इंजिन तापते आहे किंवा पेट्रोल कमी पडते आहे. काळे असेल, तर प्रश्न एकच: काळे कोरडे की काळे ओले? ओले, तेलकट काळे म्हणजे इंजिनाचे तेल रिंगांवरून किंवा व्हॉल्व्हच्या बाजूने वर येऊन जळते आहे. तसे असते, तर गॅरेजवाल्याचे म्हणणे खरे ठरले असते आणि वाईचा बेत तिथेच संपला असता.

काकांनी टोकावरून अंगठा फिरवला आणि मुलीपुढे धरला. ‘‘चोळून बघ. चिकट लागतं का?’’

‘‘नाही. भुकटी आहे.’’

‘‘तेल असतं तर बोट बुळबुळीत झालं असतं. ही कोरडी काजळी. समईच्या वातीला धरते ना, तशी.’’

दुसरा निघाला, तसाच. तिसरा, तसाच, त्याची फट मात्र सगळ्यांत रुंद. चौथाही कोरडा. मी विचारले, ‘‘म्हणजे काका, इंजिन ठणठणीत?’’

‘‘ते मी म्हणत नाही. ते घाट सांगेल. पण इंजिन उतरवायला कारण सापडलं नाही, एवढं नक्की.’’

आणि काजळी का धरली, याचेही उत्तर त्या चार टोकांवरच होते. नाना गेल्यापासून गाडी गावाबाहेर गेली नव्हती. मंडई, बँक, फार तर डॉक्टर. थंड इंजिन, ओढलेला चोक, दहा मिनिटांची फेरी आणि पुन्हा बंद. प्लगला आपली काजळी स्वतःच जाळून टाकण्याइतके तापायला मिळालेच नव्हते. घरात जे कोणी बोलले नव्हते, ते प्लगने लिहून ठेवले होते.

नव्या प्लगांच्या फटी पातीच्या मापाने तपासल्या. पुस्तिकेत दिलेले अंतर मिलिमीटरच्या निम्म्याहून थोडे अधिक. प्लग बसवताना पाना शेवटी घ्यायचा. आधी बोटांनी आटे धरून, अडखळल्याशिवाय तळापर्यंत फिरवायचा. मग पान्याने साधारण अर्धा फेरा, नवा वायसर दबेपर्यंत, आणि थांबायचे. या इंजिनाचे हेड ॲल्युमिनियमचे. जोर दाखवायला गेले तर आटे जातात आणि चार प्लगांचे काम खरोखरच मोठ्या खर्चाचे होते. सगळे मिळून तासभर लागला. किल्ली फिरवली. गाडी अर्ध्या फेऱ्यात सुरू झाली आणि आईने गॅलरीतून खाली पाहिले.

नोव्हेंबरातल्या एका पहाटे निघालो. कात्रज जुन्याच रस्त्याने चढलो, आचका नाही. शिरवळला नीरा ओलांडली, चहा घेतला. खंबाटकीच्या चढावर ट्रकांची रांग मुंगीच्या गतीने जात होती. तिच्यामागे दुसऱ्या गिअरात, पाय दाबून चढताना कान इंजिनकडे लागले होते. आईचेही. ती वर पोहोचेपर्यंत एक शब्द बोलली नाही. सुरूरच्या फाट्याला वळलो आणि दोन्ही बाजूंना वडाची झाडे लागली, तशी तिची जीभ सुटली.

वाईत कृष्णेच्या घाटावर ती बराच वेळ बसली. पाठीशी ढोल्या गणपतीचे देऊळ. रास्त्यांनी १७६२ मध्ये बांधलेले, मागची भिंत माशाच्या आकाराची, म्हणजे पुराचे पाणी दुभंगून जावे. मराठी विश्वकोशाचा संसार याच गावात मांडला गेला आणि त्याचा पहिला खंड १९७६ मध्ये निघाला. ‘‘तर्कतीर्थ या रस्त्याने चालत जाताना दिसायचे,’’ आई म्हणाली. माहेरच्या माणसांपैकी आता तिथे कोणी राहिलेले नाही. वाड्याच्या जागी दुकाने आहेत. ती दुकानांसमोर गाडी थांबव म्हणाली, खाली उतरली नाही, काचेतून पाहिले आणि म्हणाली, ‘‘चल वर.’’

वाई ते पाचगणी अवघे बारा किलोमीटर; पण त्यात सुमारे सहाशे मीटरांची चढण. शाहीर साबळ्यांचे पसरणी गाव मागे पडले आणि वळणे सुरू झाली. वर जावे तशी हवा विरळ होते आणि कार्बुरेटरच्या जुन्या गाडीत पेट्रोलचे प्रमाण वाढू लागते, म्हणजे काजळीला पुन्हा आमंत्रण! पण दुसऱ्या गिअरात गाडी एका सुरात चढत राहिली. खाली धोमच्या धरणाचे पाणी चमकू लागले, पांडवगड समोर आला. एका वळणावर नवीकोरी मोटार बॉनेट उघडून उभी होती. आईने तिच्याकडे पाहून फक्त मान हलवली. नाना असते तर त्यांनी हॉर्न वाजवला असता.

पाचगणीला मुक्काम केला. सकाळी, इंजिन थंड असताना, मी तिसरा प्लग काढून पाहिला. टोक बिस्किटी झाले होते. मी तो आईच्या हातात दिला. तिने चष्मा लावून उलटसुलट पाहिला आणि म्हणाली, ‘‘वात चांगली जळते आहे.’’

नव्या गाड्यांतले इरिडियमचे प्लग लाखभर किलोमीटरही टिकू शकतात, आणि विजेच्या गाड्यांना तर प्लगच नाहीत. मुलीच्या हाती पाना धरायला पुढे काही उरेल, असे नाही. पण कोरडी काजळी आणि ओली काजळी यांतला फरक तिच्या अंगठ्याला कळला आहे. ऐकीव निकालावर ती सहसा सही करणार नाही, असे वाटते.

डिसेंबरात गाडीची तपासणी झाली, नोंदणी आणखी पाच वर्षांसाठी नवी झाली. भावाने फोनवर फक्त ‘‘बरं’’ म्हटले. दर महिन्याला एकदा तिला गावाबाहेर नेतो. प्लगांसाठी, असे आम्ही म्हणतो. आई नकाशा घेऊन बसते. परवा विचारत होती, ‘‘महाबळेश्वरावरून आंबेनळीच्या घाटाने पोलादपूरला उतरता येतं ना रे?’’

‘‘उतरता येतं. पण परत चढावंही लागेल.’’

‘‘मग चढू की,’’ ती म्हणाली.