अरबी शिकलेली माणसं आपल्याकडे आहेत, अनुवादक कुठे आहेत?

रत्नागिरी-रायगडमधल्या कितीतरी घरांतला एक तरी माणूस दुबई, मस्कत नाहीतर कुवेतला असतो. तिथलं अत्तर आपल्याला माहीत, खजूर माहीत, दिरहमचा भाव तर तोंडपाठ. पण एका अरबी लेखकाचं नाव सांगा म्हटलं की आपण गप्प. मीही बरीच वर्षं गप्पच होतो.

माझ्यासाठी ते दार उघडलं डेनिस जॉन्सन-डेव्हिस या माणसाने. म्हणजे त्याने इंग्रजीत केलेल्या अनुवादांनी.

जन्म १९२२, कॅनडातल्या व्हँकुव्हरचा. बालपण कैरोत, सुदानच्या वादी हल्फात, मग युगांडा आणि केनियात. अरबी कानावर पडली ती अशी, लहानपणीच. पुढे इंग्लंडमध्ये रीतसर शिकायला गेला, तर विद्यापीठात अरबी शिकवायचे ती एखादी मृत भाषा असल्यासारखी. जुने ग्रंथ, व्याकरण, संपलं. आज कैरोत बसून कोणी कथा लिहितंय, याचं तिथे कोणाला काही नव्हतं.

दुसऱ्या महायुद्धात तो बीबीसीच्या अरबी विभागात लागला. युद्धानंतर कैरोत गेला आणि तिथल्या लेखकांत मिसळला. १९४७ मध्ये महमूद तैमूरच्या कथांचा अनुवाद काढला, तोही पदरचे पैसे घालून. नजीब महफूजला नोबेल मिळालं १९८८ मध्ये. हा माणूस त्याला चाळीसेक वर्षं आधीपासून ओळखत होता!

आधुनिक अरबी कथांचा त्याचा संग्रह ऑक्सफर्डने छापला १९६७ मध्ये. पहिल्या पुस्तकानंतर वीस वर्षांनी. मधल्या काळात पोट भरलं ते इतर कामांवर. अनुवादावर घर चालत नाही, हे तिकडेही खरंच.

१९६९ मध्ये त्याने तय्यब सालिह या सुदानी लेखकाची 'सीझन ऑफ मायग्रेशन टू द नॉर्थ' इंग्रजीत आणली. विलायतेत शिकून नाईलकाठच्या आपल्या गावी परतलेला तरुण, आणि गावात येऊन राहिलेला एक गूढ माणूस. वाचताना मला आपल्याकडचे, परदेशाहून परतलेले आणि मग कुठलेच न राहिलेले लोक आठवत होते. बातम्यांतल्या अरबाला तेल असतं नाहीतर बंदूक. या पुस्तकातल्या अरबाला आजोबा होते.

तीसच्या वर पुस्तकं करून २०१७ मध्ये तो कैरोतच गेला.

हे आज लिहायचं कारण वेगळं आहे. अरबी पुस्तक मराठीत यायचं तर ते बहुतेक इंग्रजीला वळसा घालून येतं. आणि आपल्याकडे अरबी येणारी माणसं नाहीत असं थोडंच आहे? मदरशात वर्षानुवर्षं शिकलेली मुलं आहेत. आखातात वीस-वीस वर्षं काढून आलेले चाचा-मामू आहेत. एकाकडे ग्रंथांची भाषा, दुसऱ्याकडे बाजारातली बोली. दोघांना एका टेबलाशी बसवून, साहित्य वाचायला देऊन, बऱ्यापैकी मानधन देऊन अनुवादक घडवायचं कोणाच्या मनात येत नाही. विद्यापीठं आहेत, साहित्य संस्था आहेत, संमेलनांना पैसेही मिळतात. मग यालाच का नाही?

तोपर्यंत आपण एवढं तरी करूया. अनुवादित पुस्तकाबद्दल लिहिताना अनुवादकाचं नाव लिहूया. सुरुवात खाली कॉमेंटमध्ये करा: शेवटचा वाचलेला अनुवाद कोणता, आणि तो केला कोणी?