लिहिलेलं राखण्यासाठी

प्रिय मित्रा,



तुझं पत्र पोचलं. सिनेमा हा दिग्दर्शकाचा, पटकथा म्हणजे चित्रीकरण संपलं की रद्दीत जाणारे कागद, तेव्हा लेखकाने त्यात फार जीव गुंतवू नये, या निष्कर्षाला तू आला आहेस. हे मत नवं नाही. पन्नासच्या दशकात फ्रेंच समीक्षकांनी दिग्दर्शकाला चित्रपटाचा खरा कर्ता ठरवलं आणि पुढे अमेरिकेत अँड्र्यू सॅरिसने त्याचा सिद्धान्त केला, तेव्हापासून ते जगभर मान्य झालं आहे. मला ते पटत नाही. शिवाय ते लिहिणाऱ्या तरुणांचा कणा मोडतं, म्हणून सविस्तर उत्तर देतो आहे. त्यासाठी मी एकाच माणसाची कारकीर्द तुझ्यासमोर ठेवतो, बिली वाइल्डरची. तो हॉलिवूडमधल्या सर्वांत यशस्वी दिग्दर्शकांपैकी एक होता, आणि माझं म्हणणं असं की त्याने दिग्दर्शन केलं ते लिहिलेलं राखण्यासाठी. त्याच्या चित्रपटांत जे टिकलं आहे ते कागदावर घडलेलं आहे.

त्याचा जन्म 22 जून 1906 चा, तेव्हाच्या ऑस्ट्रिया-हंगेरी साम्राज्यातल्या आणि आज पोलंडमध्ये असलेल्या सुखा या गावचा. व्हिएन्नात आणि मग बर्लिनमध्ये तो वार्ताहर होता. बर्लिनच्या एका हॉटेलात पैसे घेऊन बायकांबरोबर नाचणारा भाडोत्री नर्तक म्हणूनही त्याने काम केलं आणि त्या अनुभवावर वर्तमानपत्रात लेखमाला लिहिली. पैशासाठी स्वतःला भाड्याने देणारा माणूस हा त्याचा पुढचा कायमचा विषय, आणि तो विषय हातात कॅमेरा येण्याच्या कितीतरी आधी लेखणीतून आला, हे ध्यानात ठेव. 1933 मध्ये राइशस्टागच्या आगीनंतर त्या ज्यू तरुणाने बर्लिन सोडलं. पॅरिसमध्ये एका चित्रपटाचं सहदिग्दर्शन करून 1934 मध्ये तो अमेरिकेत पोचला, तेव्हा त्याला इंग्रजी जेमतेम येत होतं. ज्याचं सगळं भांडवल भाषा, त्याच्याकडे नव्या देशाची भाषाच नव्हती. यातून त्याची एक सवय जन्मली आणि ती आयुष्यभर राहिली. तो जवळजवळ कधीच एकटा लिहीत नसे. 1936 मध्ये पॅरामाउंट स्टुडिओने त्याची जोडी चार्ल्स ब्रॅकेटशी लावून दिली. ब्रॅकेट वयाने चौदा वर्षांनी मोठा, हार्वर्डला कायदा शिकलेला, ‘न्यू यॉर्कर’चा माजी नाट्यसमीक्षक, राजकारणात रिपब्लिकन. या दोन टोकांच्या माणसांनी ‘निनोच्का’ लिहिला, ‘मिडनाइट’ लिहिला आणि स्टुडिओतली सर्वांत मोलाची लेखकजोडी म्हणून नाव मिळवलं.

नाव मिळालं तरी अधिकार मिळाला नव्हता. 1941 च्या ‘होल्ड बॅक द डॉन’चा नायक मेक्सिकोच्या सीमेवर अमेरिकेच्या व्हिसासाठी अडकून पडलेला निर्वासित आहे. वाइल्डर स्वतः मेक्सिकालीत अशाच व्हिसासाठी थांबला होता, त्यामुळे या कथेत त्याचा जीव होता. ब्रॅकेट आणि त्याने एक प्रसंग लिहिला. हॉटेलच्या कळकट खोलीत नायक भिंतीवर चढणाऱ्या झुरळाला काठीने अडवतो आणि सीमेवरच्या अधिकाऱ्याच्या थाटात त्याच्याकडे कागदपत्रं मागतो. अपमान गिळून बसलेला माणूस आपल्याहून दुबळ्या जिवावर तोच अपमान उलटवतो. निर्वासिताची सगळी अवस्था त्या दोन मिनिटांत मावली असती. पण नट शार्ल बॉये म्हणाला, झुरळाशी बोलणं मूर्खपणाचं आहे, मी बोलणार नाही. दिग्दर्शक मिचेल लायसेनने ते मान्य केलं आणि प्रसंग गेला. वाइल्डर ही गोष्ट अखेरपर्यंत सांगत असे, आणि आपण दिग्दर्शक का झालो या प्रश्नाला त्याचं उत्तर तेच असे: लिहिलेलं राखण्यासाठी. त्याच स्टुडिओत प्रेस्टन स्टर्जेसने 1940 च्या चित्रपटासाठी आपली पटकथा 10 डॉलरना देऊन तिच्या दिग्दर्शनाचा हक्क मिळवला होता. वाट पडलेली होती. 1942 मध्ये ‘द मेजर अँड द मायनर’ करून वाइल्डर त्या वाटेला लागला.

आता तू म्हणशील, मग माझंच म्हणणं खरं ठरलं. शेवटी त्याला दिग्दर्शकाची खुर्चीच घ्यावी लागली ना? खुर्चीत सत्ता होती, हे कोण नाकारतं? प्रश्न त्याने ती सत्ता कशासाठी वापरली हा आहे. त्याने हॉलिवूडमधल्या पहिल्या चित्रपटापासून संकलक डोएन हॅरिसनला सेटवर शेजारी बसवलं आणि शॉट आधीच कापून ठेवल्यासारखे, नेमके घ्यायची शिस्त त्याच्याकडून शिकली. जादा चित्रीकरणच नसलं, तर स्टुडिओला त्यातून वेगळा चित्रपट जोडता येत नाही. पुढे इझी डायमंड सहलेखक झाल्यावर तो सेटवर हजर राहून नट लिहिलेलं वाक्य जसंच्या तसं बोलतोय ना, हे पाहत असे. ‘सम लाइक इट हॉट’मध्ये बाईच्या वेषातला जॅक लेमन आपला साखरपुडा झाल्याचं आनंदाने सांगतो, तेव्हा वाइल्डरने त्याच्या हातात खुळखुळे दिले. एक वाक्य, मग खुळखुळे, मग पुढचं वाक्य. प्रेक्षकांच्या हशात पुढचं वाक्य बुडू नये, एवढ्यासाठी. दिग्दर्शनाचा इतका चतुर निर्णय आणि तो सर्वस्वी लिहिलेल्या वाक्यांच्या सेवेला लावलेला. त्याच्या थडग्यावर त्याची ओळख लेखक अशी कोरलेली आहे, ते उगाच नाही.

‘द अपार्टमेंट’ (1960) तू पाहिला आहेस, म्हणून त्याच्याकडे जरा सावकाश येतो. डेव्हिड लीनच्या ‘ब्रीफ एन्काउंटर’मध्ये विवाहित प्रेमिकांना भेटीसाठी एका मित्राचं घर मिळतं. ते पाहून वाइल्डरला प्रश्न पडला, तो मित्र कोण? परक्यांच्या प्रेमाने ऊब आलेल्या बिछान्यात रात्री परत येऊन झोपणारा तो माणूस कसा असेल? सेन्सॉरच्या संहितेमुळे हा विषय बरीच वर्षं टिपणातच राहिला. म्हणजे मुळात हा चित्रपट दुसऱ्याच्या पटकथेतल्या एका दुर्लक्षित पात्राबद्दल लेखकाला वाटलेल्या कुतूहलातून जन्मला. आता त्यातला आरसा आठव. विमा कंपनीतला कारकून बॅक्स्टर बढतीच्या आशेने आपलं घर साहेबांना वापरायला देतो. एका संध्याकाळनंतर घरात तडकलेल्या आरशाची मेकअपची डबी सापडते, ती तो साहेब शेल्ड्रेकला इमानाने परत करतो. पुढे नाताळच्या पार्टीत तो नवी हॅट घालून मिरवत असतो आणि त्याला मनापासून आवडणारी लिफ्टवाली मुलगी, फ्रॅन, हॅट कशी दिसते ते बघ म्हणून त्याला आपली डबी देते. तो उघडतो. तडा तोच. साहेबाची ती बाई कोण हे त्याला कळतं, आपल्याला कळतं, आणि कुणालाही ते बोलून दाखवावं लागत नाही. ज्याला लोक दृश्य सिनेमा म्हणतात तो हाच. पण तो कुठे घडला? डबी परत करण्याचा प्रसंग आधी पेरलेला नसता, तर जगातल्या कुठल्याही छायालेखकाला त्या तडकलेल्या काचेतून काहीही सांगता आलं नसतं. तेच किल्लीचं. अखेरीस शेल्ड्रेक घराची किल्ली मागतो आणि बॅक्स्टर त्याच्यापुढे साहेबलोकांच्या प्रसाधनगृहाची किल्ली ठेवतो, म्हणजे बढतीच परत करतो. एका वस्तूच्या जागी दुसरी वस्तू ठेवून माणसाचं चारित्र्य बदललेलं दाखवणं हे लेखकाचं काम आहे.

सॅरिसचा आक्षेप मात्र गंभीरपणे घ्यायला हवा. 1968 च्या पुस्तकात त्याने वाइल्डरला, दिसतात त्याहून उणे असलेल्या दिग्दर्शकांच्या वर्गात टाकलं. संवाद चटपटीत, पण स्वतःची दृश्यशैली नाही आणि जीवनदृष्टी तुच्छतेची, असा त्याचा सूर होता. काही वर्षांनी त्यानेच हे मत जाहीरपणे मागे घेतलं, पण मी त्या माघारीच्या आधारावर जिंकू पाहत नाही. दृश्याचंच बोलू. ‘द अपार्टमेंट’मधलं ते अथांग कार्यालय अलेक्झांडर ट्राउनरने उभारलं. मागे मागे जाताना टेबलं लहान होत जातात, त्यांच्यामागे बसलेली माणसंही लहान चणीची निवडलेली, म्हणून खोली संपतच नाही असं वाटतं. ही प्रतिमा अविस्मरणीय आहे आणि तिचं श्रेय ट्राउनरचं आहेच; त्याला त्यासाठी ऑस्कर मिळालं. पण तिला अर्थ येतो तो आधी निवेदनात बॅक्स्टर कंपनीतल्या नोकरांची संख्या 31,259 अशी बिनचूक सांगतो त्यामुळे. एवढ्या गर्दीत एकाने वर यायचं तर काय विकावं लागेल, हा प्रश्न पटकथेने उभा केला आणि नेपथ्याने तो डोळ्यांना दिसेल असा मांडला. तुच्छतेच्या आरोपावर एवढंच म्हणतो की ज्याची आई नाझी संहारात गेली त्याने माणसाच्या विकाऊपणाबद्दल गोड बोलावं ही अपेक्षाच मला अन्यायाची वाटते. शिवाय बॅक्स्टर अखेरीस किल्ली देत नाही, हे तुच्छतावाद्याने लिहिलं नसतं.

याहून कठीण आक्षेप वेगळा आहे आणि तो तू अजून घेतलेला नाहीस, म्हणून मीच घेतो. वाइल्डरच्या कितीतरी चित्रपटांचं चित्रीकरण पटकथा पुरी होण्याआधी सुरू झालं. स्वतः चित्रित केलेले प्रसंग त्याने निर्दयपणे कापले. ‘डबल इन्डेम्निटी’चा शेवट म्हणून गॅस चेंबरमधल्या मृत्युदंडाचा खर्चिक प्रसंग उभारला, चित्रित केला आणि काढून टाकला. ‘सनसेट बुलेवार्ड’ची सुरुवात शवागारात आपसांत बोलणाऱ्या प्रेतांनी होत होती, इलिनॉयमधल्या इव्हान्स्टनच्या चाचणी खेळात प्रेक्षक भलत्याच ठिकाणी हसले आणि ती गेली. मग राखलं काय? मी म्हणतो, रचना राखली. ‘डबल इन्डेम्निटी’मध्ये विमा एजंट नेफ आपल्या वरिष्ठ सहकाऱ्याची, कीजची, सिगार प्रत्येक वेळी नखावर काडी ओढून पेटवून देतो, कारण कीजकडे काड्या कधीच नसतात. अखेरीस जखमी होऊन दाराशी कोसळलेल्या नेफची सिगारेट कीज पेटवून देतो. एवढं झाल्यावर दोघांच्या नात्याबद्दल सांगण्यासारखं काही उरत नाही, तिथे गॅस चेंबर निव्वळ पुरवणी ठरला असता. ते कापणं हा पुनर्लेखनाचाच भाग. अपुऱ्या पटकथेचंही तसंच. फ्रॅनचं काम करणारी शर्ली मॅक्लेन त्या दिवसांत जिन रमी शिकत होती, हे कळल्यावर तो पत्त्यांचा डाव ‘द अपार्टमेंट’मध्ये आला आणि चित्रपट त्याच डावावर संपला. लेखन चालू राहिलं, पण ते लेखनच होतं. सेटवर सुचलं तसं बोलून टाकण्याची मुभा कुणाला नव्हती.

लेखनात दोघं असण्यावरही लोक बोट ठेवतात. मग कर्ता नेमका कोण, असं विचारतात. मला तर या कारकिर्दीतला सर्वांत मौल्यवान धडा तिथेच दिसतो. जेम्स केनची मूळ कादंबरी ब्रॅकेटला किळसवाणी वाटली, म्हणून ‘डबल इन्डेम्निटी’साठी रेमंड चँडलर सहलेखक म्हणून आला. त्याचं वाइल्डरशी इतकं बिनसलं की त्याने स्टुडिओकडे लेखी तक्रार केली. पण केनचे संवाद डोळ्यांनी वाचण्यासाठी आहेत, तोंडी बोलायला चालत नाहीत, हे चँडलरने ओळखलं. नटांकडून बोलवून पाहिलं तेव्हा ते खरंच ठरलं. एकट्या वाइल्डरला ते दिसलं नव्हतं. ब्रॅकेटची साथ 1950 च्या ‘सनसेट बुलेवार्ड’पर्यंत, आणि 1957 पासून 1981 पर्यंत डायमंडबरोबर 12 चित्रपट. ‘सम लाइक इट हॉट’ची मूळ कल्पना एका जुन्या फ्रेंच चित्रपटाची आणि त्याच्या जर्मन आवृत्तीची. त्यात दोन बेकार वादक कामासाठी वेगवेगळी सोंगं घेतात. सोंग केव्हाही उतरवता येत असेल तर गोष्टीत ताण कुठला? वाइल्डर आणि डायमंड यांनी त्या दोघांना 1929 च्या शिकागोतल्या व्हॅलेंटाइन दिनाच्या हत्याकांडाचे साक्षीदार केलं, आणि बायकांचे कपडे उतरवणं म्हणजे मरण अशी गाठ मारली. पुढचा सगळा विनोद त्या गाठीवर उभा आहे. कर्ता एकच असला पाहिजे हा हट्ट समीक्षकांचा आहे. लेखनाच्या खोलीत दोन माणसं एकमेकांचं खोडून काढत बसली, तर काम बहुधा अधिक घट्ट होतं.

उतरता काळही लपवत नाही. 1970 च्या ‘द प्रायव्हेट लाइफ ऑफ शेरलॉक होम्स’चं तीन तासांहून लांब रूप कापून सुमारे दोन तासांवर आणलं गेलं, कापाकापीच्या वेळी वाइल्डर युरोपात होता आणि परतल्यावर जे हाती आलं त्याने तो व्यथित झाला. पहारा सुटला की काय होतं याचा तो दाखला. पण 1981 च्या ‘बडी बडी’चं तसं सांगता येत नाही. दिग्दर्शक तोच, सहलेखक तोच, अनुभव चाळीस वर्षांचा, नट जॅक लेमन आणि वॉल्टर मॅथाऊ, आणि तरी चित्रपट पडला, कारण पटकथाच कच्ची होती. दिग्दर्शकाच्या हाताने सिनेमा घडत असता, तर त्या हाताने तो वाचवला असता. त्यानंतर वाइल्डर 27 मार्च 2002 पर्यंत जगला, पण त्याने आणखी चित्रपट केला नाही.

पत्राच्या अखेरीस तू लिहितोस की तुझ्या पटकथेचा तिसरा अंक जमत नाही, आणि पुढे दिग्दर्शक काय ते बघून घेईल. असं सोडून देऊ नकोस. तिसरा अंक अडला तर खोट पहिल्या अंकात शोधावी, असं वाइल्डर सांगत असे, आणि तुझ्या बाबतीत ते लागू आहे असं मला वाटतं. तुझा नायक खोटं बोलतो, पण ते उघड झालं तर त्याचं काय जाईल हे कुठेच ठरलेलं नाही. पहिली तीस पानं घेऊन बस आणि ते आधी पक्कं कर. शक्य असेल तर एखाद्या भांडखोर मित्राला शेजारी बसव. नवा खर्डा झाला की मला पाठव.

तुझा स्नेही